ट्रान्झिट कॅम्पातले नागरिक

(संस्थेच्या व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा मजकूर)



संस्थेच्या कार्यकर्त्यांनी मला बोलायला बोलावले आणि विषय माझ्यावरच सोपवला. मी म्हणालो, वंश, स्थलांतर आणि राष्ट्रीयत्व या विषयावर बोलतो आणि उदाहरण वेस्ट इंडीजकडचे घेतो. त्यावर एक कार्यकर्ते हसून म्हणाले, "सर, आपली माणसे अंबरनाथ-बदलापूरहून लोकल पकडून येणार. त्यांना वेस्ट इंडीजला कशाला नेता?" त्यांचे म्हणणे खोटे नाही. म्हणून मी आधी आपल्या उल्हासनगरातूनच निघतो. तिकडे जाऊन पुन्हा इथेच यायचे आहे.

२६ जुलै २००५ चा पाऊस तुमच्यातल्या थोरांना आठवत असेल. उल्हास आणि वालधुनी या दोन्ही नद्या वस्त्यांत शिरल्या. बदलापूरपासून कल्याणपर्यंत तळमजल्याची घरे पाण्यात गेली. पाणी ओसरल्यावर आमच्या गल्लीत मी एक गोष्ट पाहिली. लोक गाद्या आणि धान्य नंतर बाहेर काढत होते, आधी कागद वाळत घालत होते. रेशनकार्ड, शाळा सोडल्याचे दाखले, विजेची बिले. आमच्या शेजारी एक सिंधी आजी राहायच्या. आज त्या हयात नाहीत. त्यांनी पत्र्याच्या पेटीतून एक कार्ड काढले आणि आमच्या ओट्यावर, आमच्याच कागदांशेजारी ठेवले. निर्वासित म्हणून १९४८ साली झालेल्या नोंदणीचे ते कार्ड होते. त्याच्या शेजारी आमची एक नक्कल वाळत होती, नगर जिल्ह्यातल्या आमच्या गावच्या कोतवाल बुकाची. वारा सुटला होता, म्हणून दोन्हींवर एकच पाटा-वरवंट्यातला वरवंटा ठेवला होता. मी शिक्षक माणूस, मला त्या दोन कागदांचा विचार करण्याची खोड लागली ती तेव्हापासून.

आता आपले गाव कसे झाले ते विद्यार्थ्यांसाठी थोडक्यात सांगतो. दुसऱ्या महायुद्धात इथे लष्कराची छावणी होती. तिचे नाव कल्याण मिलिटरी ट्रान्झिट कॅम्प. ट्रान्झिट म्हणजे वाटेतला मुक्काम. सैनिक यायचे, काही दिवस राहायचे, पुढे जायचे. युद्ध संपले आणि बराकी रिकाम्या झाल्या. फाळणीनंतर, विशेषतः जानेवारी १९४८ मधल्या कराचीच्या दंगलीनंतर, सिंधमधले हिंदू बोटींनी मुंबईला आले. त्यांतल्या मोठ्या संख्येला या बराकींत आणून ठेवले. एका खोलीत एक कुटुंब, मध्ये गोणपाटाचा पडदा. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी इथे आले आणि उल्हास नदीवरून या वसाहतीचे नाव उल्हासनगर झाले. आपण मात्र आजही कॅम्प एक, कॅम्प दोन, कॅम्प चार असेच म्हणतो. रिक्षावाल्याला उल्हासनगर सांगितले तर तो विचारतो, "कोणता कॅम्प?"

दुसरी माणसे नंतर आली. कोणी शहाडच्या रेयॉनच्या कारखान्यात, कोणी अंबरनाथच्या दारूगोळा कारखान्यात किंवा काडेपेटीच्या कारखान्यात, पुढे बदलापूरच्या औद्योगिक वसाहतीत. माझे वडील त्यांतलेच. १९७२ च्या दुष्काळात मराठवाड्यातून आणि नगरकडून माणसांचे लोंढे आले आणि टेकड्यांवर, नाल्याच्या कडेला, रेल्वेच्या कुंपणाला टेकून राहिले. त्यांना कोणी निर्वासित म्हटले नाही. दुष्काळाने आणि गावकीने ज्यांना उठवले, त्यांच्यासाठी सरकारच्या दप्तरात तो शब्द नव्हता. सिंधी बांधवांना १९५४ च्या कायद्याखाली नुकसानभरपाई आणि बराकींच्या सनदा मिळाल्या. टेकडीवरच्या माणसाला पुढे फोटोपास मिळाला, तोही १ जानेवारी १९९५ पूर्वीचा पुरावा असेल तर. नंतर ती तारीख २००० झाली.

हे मी सिंधी समाजाविषयी तक्रार म्हणून सांगत नाही, हे कृपया लक्षात घ्या. ज्यांचा अख्खा प्रांतच गेला, त्यांना एक खोली मिळाली तर कोणी डोळे वटारू नयेत. आपल्याकडे तेलुगूंना राज्य आहे, कन्नडिगांना आहे, मराठीला आहे. सिंधीला नाही. त्यांची भाषा घटनेच्या आठव्या अनुसूचीत यायला १९६७ साल उजाडले. २००५ साली तर राष्ट्रगीतातला ‘सिंध’ हा शब्द काढा म्हणून कोणी सर्वोच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने ऐकले नाही, ते बरे झाले. आणि विद्यार्थ्यांना हेही ठाऊक असावे की १९३६ पर्यंत सिंध हा आपल्या मुंबई इलाख्याचाच भाग होता. म्हणजे त्या आजींचे वडील आणि माझे आजोबा एकाच इलाख्याचे रहिवासी होते. फरक एवढाच की आजींच्या वडिलांचे नाव जमिनीच्या कागदावर होते आणि माझ्या आजोबांचे कोतवाल बुकात.

आता वेस्ट इंडीजकडे वळू. तुम्ही सगळे क्रिकेट पाहता, म्हणून तिथूनच जाऊ. वर्गात मी मुलांना विचारायचो, वेस्ट इंडीज या देशाची राजधानी कोणती? मुले विचारात पडायची. कारण तो देशच नाही. जमैका, बार्बाडोस, त्रिनिदाद, गयाना अशा अनेक देशांचा तो एक संघ. नावही चुकून पडलेले. कोलंबस भारत शोधायला निघाला, त्या बेटांना लागला आणि हेच इंडीज समजला. तिथले मूळ रहिवासी युरोपियनांच्या रोगांनी, गुलामीने आणि तलवारीने बहुतेक संपले. मग उसाच्या मळ्यांसाठी आफ्रिकेतून गुलाम आणले. १८३८ साली इंग्रजांच्या वसाहतींतले गुलाम पूर्ण मोकळे झाले, आणि मोकळ्या माणसाला पुन्हा त्याच मालकाच्या मळ्यात राबायचे नव्हते. त्याच वर्षी भारतातून करारबद्ध मजुरांची पहिली जहाजे गयानाला लागली, १८४५ मध्ये त्रिनिदादला. पाच वर्षांचा करार म्हणून त्यांना गिरमिटिये म्हणत. रोहन कन्हाय, कालिचरण, चंदरपॉल हे गयानाचे फलंदाज त्यांच्याच वंशातले. उत्तर प्रदेश-बिहारकडची माणसे जास्त, मद्रासकडची काही.

जाता जाता एक गोष्ट. वेस्ट इंडीजच्या संघात काळे खेळाडू भरलेले असताना कर्णधार मात्र गोराच असायचा. पूर्ण मालिकेसाठी काळा कर्णधार नेमला गेला तो फ्रँक वॉरेल, १९६०-६१ साली. आपल्या पळवणकर बाळूंची गोष्ट याहून वेगळी नाही. गोलंदाजीला बाळू पाहिजेत, पण हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना नेमून दिले गेले नाही. त्यांचे धाकटे बंधू विठ्ठल यांना ते १९२३ साली मिळाले. काम घ्यायचे, पण मान द्यायचा नाही, ही रीत समुद्र ओलांडून सारखीच आहे. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागेल.

आपली मराठी माणसे गिरमिटावर गेली ती मुख्यतः मॉरिशसला, आणि त्यांत रत्नागिरीकडची पुष्कळ. तिथे आज मराठी नावे आहेत, गणेश चतुर्थीला सार्वजनिक सुट्टी आहे. मॉरिशस १९६८ साली स्वतंत्र झाला. त्या देशाच्या घटनेत चार रकाने आहेत: हिंदू, मुस्लिम, चिनी आणि उरलेले सगळे ‘सर्वसाधारण लोक’. आफ्रिकन गुलामांचे वंशज या उरलेल्यांत. निवडणुकीत ज्या समाजाला कमी जागा मिळतील, त्याच्या पराभूत उमेदवारांना आठपर्यंत जागा देता येतात. हेतू वाईट नव्हता, कोणी बाहेर राहू नये असाच होता. पण त्यासाठी प्रत्येक उमेदवाराने आपण कोणत्या रकान्यातले ते अर्जावर लिहायचे, आणि हिशेब १९७२ च्या जनगणनेचा, कारण त्यानंतर तिथे समाजवार मोजणीच झाली नाही. काही तरुणांनी आम्ही रकाना लिहिणार नाही म्हणून सांगितले. त्यांचे अर्ज बाद झाले. ते संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क समितीपर्यंत गेले आणि २०१२ साली समितीने त्यांच्या बाजूने मत दिले.

गयानाची गोष्ट जास्त दुःखाची. १९५० साली चेडी जगन हा गिरमिटियांचा मुलगा आणि फोर्ब्स बर्नहॅम हा आफ्रिकन वंशाचा वकील, दोघांनी मिळून एकच पक्ष काढला. उसाच्या मळ्यातला भारतीय मजूर आणि शहरातला, खाणीतला काळा कामगार एका झेंड्याखाली आले. १९५३ साली त्यांनी २४ पैकी १८ जागा जिंकल्या. इंग्रजांनी १३३ दिवसांत घटना स्थगित केली आणि सैन्य उतरवले. १९५५ मध्ये पक्ष फुटला, पुढे एक तुकडा भारतीयांचा आणि एक आफ्रिकनांचा झाला. १९६४ साली शेजाऱ्यांनी शेजाऱ्यांची घरे जाळली. त्यानंतर बर्नहॅम मरेपर्यंत, म्हणजे १९८५ पर्यंत सत्तेवर राहिला. निवडणुका नावाला होत. जगन पुन्हा निवडून आला तो १९९२ साली. फुटीला परकीयांनी हात लावला हे खरे, पण फुटायला आधी चीर लागते. आपल्या सभेत ऐक्य हा शब्द निघाला की मागच्या रांगेतली मंडळी हसतात, हे मला ठाऊक आहे. १९९८ साली चार खासदार खुल्या जागांवरून निवडून आले होते, तेव्हा मात्र कोणी हसत नव्हते.

पण आज मला जे सांगायचे आहे ते त्याच समुद्रातल्या दुसऱ्या एका बेटाविषयी. ते क्रिकेट खेळत नाहीत, म्हणून आपल्याला त्यांची नावे ठाऊक नसतात. त्या एका बेटावर दोन देश आहेत. पश्चिमेला हैती, पूर्वेला डॉमिनिकन प्रजासत्ताक. हैतीच्या गुलामांनी १७९१ साली उठाव केला आणि १८०४ साली स्वतःचे राष्ट्र उभे केले. गुलामांनी लढून मिळवलेले ते जगातले पहिले काळे प्रजासत्ताक. शेजारचा डॉमिनिकन देश १८४४ साली स्वतंत्र झाला तो इंग्रजांपासून नव्हे, स्पेनपासूनही नव्हे, हैतीपासून. त्यामुळे आपण कोण, याचे त्यांचे उत्तर एकच ठरले: आपण हैतीयन नाही. आणि हैतीयन काळे, म्हणून आपण काळे नाही. प्रत्यक्षात तिथल्या बहुसंख्य लोकांत आफ्रिकन रक्त आहे. मग ओळखपत्रावर रंगाच्या रकान्यात काय लिहायचे? अनेक वर्षे तिथे सावळ्या माणसाच्या ओळखपत्रावर ‘इंदिओ’ असे लिहीत, म्हणजे इंडियन. ज्या मूळ रहिवाशांना संपवले त्यांचे नाव रंग झाकायला कामाला आले. जात लपवायला आडनाव बदलणारी माणसे आपण पाहिली आहेत, तेव्हा यात आपल्याला नवल वाटायचे कारण नाही.

१९३७ साली तिथल्या त्रुहियो या हुकूमशहाने सरहद्दीवरच्या हजारो हैतीयनांची कत्तल करवली. सांगतात की सैनिक कोथिंबिरीसारख्या एका पाल्याची जुडी दाखवून त्याचे स्पॅनिश नाव उच्चारायला लावत. हैतीयन जिभेला त्यातला ‘र’ जमत नसे. ज्याला जमला नाही तो गेला.

आणि त्याच देशाने पुढे त्याच हैतीयनांना ऊस तोडायला बोलावले. १९५२ पासून १९८६ पर्यंत दोन्ही सरकारांत मजूर पुरवण्याचे करार होत होते. मजूर आले, मळ्यांच्या कडेला बराकींत राहिले. तिथे त्या वस्तीला ‘बातेय’ म्हणतात. तिथेच लग्ने झाली, पोरे झाली, पोरांची पोरे झाली. डॉमिनिकन घटनेत १९२९ पासून नियम होता की या भूमीवर जन्मलेला तो नागरिक. अपवाद दोनच: परदेशी वकिलांची मुले आणि जे वाटेवर आहेत त्यांची मुले. वाटेवर म्हणजे ट्रान्झिटमध्ये. जुन्या नियमांप्रमाणे ट्रान्झिट म्हणजे दहा दिवस.

२३ सप्टेंबर २०१३ रोजी तिथल्या घटनात्मक न्यायालयाने निकाल दिला. एक हैतीवंशीय तरुणी मतदार-ओळखपत्र काढायला गेली होती. तिचा जन्म तिथलाच, १९८४ चा. अधिकाऱ्याने तिचा जन्मदाखलाच ठेवून घेतला. न्यायालय म्हणाले, हिचे आईबाप कागदांवाचून आलेले परदेशी, म्हणजे ते ट्रान्झिटमध्येच होते, म्हणून ही नागरिक नाही. आणि हा नियम मागे १९२९ पर्यंत लागू. ज्यांचा आजा ऊस तोडायला आला, बाप तिथेच जन्मला आणि तिथेच म्हातारा झाला, त्यांना सांगितले गेले की तुम्ही ऐंशी वर्षे वाटेतच आहात. दोन लाखांच्या आसपास माणसे एका निकालाने कोणत्याच देशाची उरली नाहीत. जगभर ओरड झाली. २०१४ साली कायदा करून ज्यांची जन्मनोंद झाली होती त्यांना नागरिकत्व परत देण्याचे ठरले. ज्यांची नोंदच झाली नव्हती त्यांना आधी परदेशी म्हणून नाव लिहा, मग अर्ज करा, असे सांगितले. नोंद का झाली नव्हती? कारण नोंद करायला गेलेल्या आईबापांना दारातूनच परत पाठवले जात होते. त्यांतल्याच एका मुलीला जन्मदाखला नाही म्हणून दिवसाच्या शाळेत बसू दिले नाही, तिने रात्रीच्या प्रौढांच्या वर्गात बसून शिक्षण घेतले. त्या प्रकरणावर अमेरिका खंडाच्या मानवी हक्क न्यायालयाने २००५ साली तिच्या बाजूने निकाल दिला होता. तरीही २०१३ उजाडलेच.

मित्रहो, त्या ‘ट्रान्झिट’ शब्दावर मी अडकलो. आपले गावही ट्रान्झिट कॅम्पच. मग इथल्या माणसांना कोणी तुम्ही अजून वाटेतच आहात असे का म्हटले नाही?

याचे उत्तर ऑगस्ट १९४९ मध्ये आहे. राजाजी इथे आले ८ तारखेला. १० तारखेला दिल्लीत घटना समितीपुढे बाबासाहेबांनी नागरिकत्वाची कलमे मांडली. मसुदा समितीला एवढी डोकेदुखी आणखी फार तर एखाद्याच कलमाने दिली असेल, असे त्यांनी सभागृहाला सांगितले होते. त्याच चर्चेत डॉ. पंजाबराव देशमुख यांनी वेगळी सूचना मांडली. दुसऱ्या देशाचा नागरिक नसलेल्या कोणत्याही हिंदूला वा शीखाला, तो कुठेही राहत असो, भारताचे नागरिकत्व मिळावे असे त्यांचे म्हणणे होते. पंजाबराव मोठे माणूस. अमरावतीच्या अंबादेवी मंदिरप्रवेशाच्या चळवळीत ते अस्पृश्यांच्या बाजूने होते, त्यांच्याविषयी आदर ठेवूनच मी हे सांगतो. सभागृहाने त्यांची सूचना स्वीकारली नाही. जे स्वीकारले त्यात धर्माचे नाव नाही. इथे जन्म, इथे वास्तव्य. पाकिस्तानातून १९ जुलै १९४८ पूर्वी येऊन इथे राहिलेला माणूस आपोआप नागरिक. त्यानंतर आला तर नोंदणी करून नागरिक. तो सिंधी, की पंजाबी, की आणखी कोण, हे विचारलेले नाही. आमच्या शेजारच्या आजी त्या कलमाने भारतीय झाल्या. त्यांना हे माझ्याकडूनच कळले. त्या म्हणाल्या, "मग त्यांचा फोटो तुमच्याच घरात का? आमच्याही घरात पाहिजे." फोटो लावला की नाही मी विचारले नाही.

२०१९ च्या दुरुस्तीने हे बदलले. ३१ डिसेंबर २०१४ पर्यंत तीन शेजारी देशांतून आलेल्या सहा धर्मांच्या लोकांना वेगळी सवलत झाली, तिचे नियम मार्च २०२४ मध्ये निघाले. त्या यादीत ‘बौद्ध’ हा शब्द आहे, म्हणून आपल्यातले काही खूष आहेत. पीडित माणसाला आसरा मिळतो याचा मलाही आनंदच आहे. पण यादी आली की यादीबाहेरचा आलाच, आणि यादीबाहेर उभे राहण्याचा अनुभव आपल्याइतका कोणाला आहे?

तो अनुभव फाळणीच्या दिवसांतलाही आहे. हा भाग आपल्या मुलांना कोणी शिकवत नाही. पाकिस्तानात अडकलेल्या अस्पृश्यांना भारतात या असे बाबासाहेबांनी आवाहन केले होते. पण त्यांना येऊ कोण देतो? सफाई कामगारांना तिथल्या सरकारने अत्यावश्यक सेवेत धरले होते. हिंदू व्यापारी गेला तर जाऊ दे, झाडूवाला जाता कामा नये. कराचीत भारताचे पहिले उच्चायुक्त श्रीप्रकाश होते. त्यांनी याबद्दल विचारले तेव्हा त्यांना उलट प्रश्न आला की ही माणसे गेली तर कराचीचे रस्ते आणि संडास साफ कोण करणार. त्यांनी ते आपल्या आठवणींत नोंदवले आहे. डॉमिनिकन मळेवाल्याला हैतीयन माणूस मजूर म्हणून हवा होता, नागरिक म्हणून नको होता. कराचीत हेच उलट्या बाजूने: राहा, कारण तुमचे काम हवे.

आणि जे कसेबसे पूर्व पंजाबात पोहोचले त्यांचे काय झाले? डिसेंबर १९४७ मध्ये बाबासाहेबांनी पंडित नेहरूंना पत्र लिहिले. निर्वासित छावण्यांत अधिकारी सवर्ण निर्वासित आणि अस्पृश्य निर्वासित असा भेद करतात, म्हणून आपली माणसे छावणीत राहू शकत नाहीत. आणि नियम असा की छावणीत राहील त्यालाच शिधा आणि कपडे. म्हणजे छावणीत राहू द्यायचे नाही आणि छावणीत नाही म्हणून निर्वासित मानायचे नाही. बातेयमधल्या मुलीची जन्मनोंद करायची नाही आणि नोंद नाही म्हणून नागरिक मानायचे नाही. दोन्ही वाक्ये शेजारी ठेवून पाहा.

आता पुन्हा आमच्या ओट्यावरच्या त्या दुसऱ्या कागदाकडे येतो. १९९९ साली मुलीच्या जातीच्या दाखल्यासाठी मी एका कार्यालयात गेलो. तिथल्या कारकुनाने सांगितले, १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा आणा. तारीख पाहा. नागरिकत्वाची कलमे मांडली त्याला बरोबर एक वर्ष झाले, त्या दिवशी अनुसूचित जातींचा आदेश निघाला. माझे वडील १९३८ साली जन्मले. त्यांच्या वडिलांना शाळा नाही, जमीन नाही, सातबारा कुठला? कारकून म्हणाले, "मग तुम्ही इथले कशावरून?" मी या तालुक्यात बावीस वर्षे मुलांना नागरिकशास्त्र शिकवत होतो. चार फेऱ्या झाल्या. शेवटी गावी जाऊन तहसिलीच्या रेकॉर्ड रूममधून कोतवाल बुकाची नक्कल काढली, गाव नमुना १४, जन्ममृत्यूची नोंद. त्यात १९३८ च्या पानावर माझ्या आजोबांचे नाव, मुलगा झाला अशी नोंद, आणि जातीच्या रकान्यात तो शब्द. ज्या शब्दाने आम्हाला गावाबाहेर ठेवले, जो शब्द आम्ही १९५६ साली टाकून दिला, तोच शब्द दाखवून मी या राज्याचा रहिवासी ठरलो. आणि धर्म बदलल्यावरही सवलत आहे हे केंद्राने मान्य केले ते १९९० साली.

मला कागद सापडला. सगळ्यांना सापडत नाही, आणि काहींना सापडूनही उपयोग नाही. आपल्या नगरपालिकांत सफाईचे काम करणारे वाल्मीकी बांधव पाहा. कोणाचा आजा हरियाणातून आला, कोणाचा उत्तर प्रदेशातून. जात तिथल्या यादीत आहे, इथल्याही यादीत आहे. पण घटनेच्या ३४१ व्या कलमात जात त्या त्या राज्यापुरती आहे, आणि सर्वोच्च न्यायालयाने १९९०, १९९४ आणि पुन्हा २०१८ साली तेच सांगितले. १९५० नंतर परराज्यातून आलेल्याच्या मुलाला इथे राज्याच्या सवलती नाहीत. इथे जन्मला, इथल्या शाळेत मराठी शिकला, बापाने इथली गटारे काढली. तो नागरिक म्हणून सगळ्या देशाचा, पण अनुसूचित जातीचा म्हणून आजोबाच्या राज्याचा. हाही एक ट्रान्झिटच. यात आपलेही एक दुखणे आहे, ते बोलून टाकतो. ‘त्यांना इथे दिले तर आपल्या जागा जातील’, हे मी आपल्याच सभांत ऐकले आहे. हिशेब म्हणून ते चूक नाही. जागा थोड्या आहेत, वाटेकरी वाढतील. पण तो कारकून मला नेमके हेच, दुसऱ्या शब्दांत, सांगत होता.

वेळ बरीच झाली, शेवटची बदलापूर लोकल गाठायची असेल त्यांना मी अडवत नाही. एक सूचना करून थांबतो. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी सकाळी आपण विहारात दाखल्यांच्या कामासाठी बसतो. ज्यांच्याकडे १९५० पूर्वीचा काहीच पुरावा नाही त्यांनी वडिलांचे, आजोबांचे पूर्ण नाव, मूळ गाव, तालुका, आणि जन्माचे अंदाजे साल कागदावर लिहून आणावे. आजी-आजोबा हयात असतील तर त्यांनाच विचारून लिहा, त्यांना सालापेक्षा दुष्काळ आणि पटकी आठवते, तेवढेही पुरते. गावच्या तहसिलीत कोतवाल बुक मागण्याचा अर्ज आम्ही लिहून देऊ. परराज्यातून आलेल्या कुटुंबांनीही यावे. त्यांच्यासाठी काय करता येईल हे अजून आम्हाला पुरते ठाऊक नाही, पण त्यांची नावे आपल्या वहीत असावीत. आणि सगळ्यांनी मूळ कागद प्लॅस्टिकच्या पिशवीत, माळ्यावर ठेवावेत. पावसाळा तोंडावर आहे.

जयभीम.